माझी हरकत आहे

"साहेब, चारशे अठ्ठ्याण्णव माणसं असली की गाव नसतं, तर मग काय असतं?"

हा प्रश्न मी शाळेच्या भर सभेत विचारला. जिल्ह्याचे मोठे साहेब समोर, मागे पाच वस्त्यांवरची मिळून दोनशे पोरं, आणि बाजूला हेडबाई. विचारला मी, पण खरं तर विचारायला लावला लवंगीने. लवंगी म्हणजे माझी मैत्रीण, दिसायला एवढीशी आणि बोलायला तिखटजाळ. "विचारलंस तर खिडकीजवळची माझी जागा दहावी संपेपर्यंत तुझी," असं तिने सभा सुरू व्हायच्या आधी कानात सांगितलं. दुसरी मैत्रीण चष्मेवाली म्हणाली, "ही? ही उभीसुद्धा राहणार नाही."

चष्मेवालीचं चुकलं नव्हतं. मागच्या वर्षापर्यंत मला वर्गात 'मुंगी' म्हणायचे. हजेरीला मी "हजर" म्हणायचे ते माझं मलाच ऐकू यायचं नाही. पण यंदा खेळांच्या दिवशी लाउडस्पीकर बंद पडला, आणि हेडबाईंनी निकालाचा कागद जी समोर दिसली तिच्या हातात कोंबला. समोर मी होते. मी तोंड उघडलं आणि आवाज थेट पाण्याच्या टाकीपर्यंत गेला. कुणाला माहीत होतं आत एवढा आवाज साठलाय! त्या दिवसापासून माझं नाव 'भोंगा'. मला फार आवडतं ते.

तर भोंगा वाजला. सभा खुदकन हसली. हेडबाईंनी माझं कोपर पकडलं. पण साहेब हसले नाहीत आणि चिडलेही नाहीत. त्यांनी चष्मा काढला आणि म्हणाले, "त्याला आमच्या भाषेत वस्ती म्हणतात, बाळ. पुलापलीकडच्या गावाची वस्ती."

"आणि अजून दोन माणसं सापडली तर?"

हे पैजेत नव्हतं. हे माझं मीच बोलून गेले.

"यादी तुमच्या गाव कार्यालयाच्या भिंतीवर लावली आहे," साहेब म्हणाले. "शुक्रवारी संध्याकाळी पाचपर्यंत हरकत नोंदवा. लेखी. पाचशे भरले तर गाव गावच राहील, हे सगळ्यांसमोर सांगतो."

मला खिडकीची जागा मिळाली, पण त्या दिवशी खिडकीतून काय दिसतं ते मी पाहिलंच नाही. डोक्यात एकच. दोन माणसं. कुठून आणायची?

यातली गंमत अशी, की ती भिंतीवरची यादी माझ्याच बाबांनी केली होती.

बाबा गाव कार्यालयात कारकून आहेत. कार्यालय म्हणजे एक खोली, दोन कपाटं, एक शिक्का आणि बाबा. जन्म, मृत्यू, दाखले, घरांची यादी, सगळं त्यांच्या हातचं. अक्षर असं, की लोक दाखला फ्रेम करून लावतात. आणि स्वभाव असा, की दिवसातून चाळीस वेळा "हरकत नाही" म्हणतात. कुणी रांग मोडून पुढे घुसलं, हरकत नाही. चहात साखर नाही, हरकत नाही. दोन महिन्यांपूर्वी जिल्ह्याचा कागद आला, की पाचशेच्या खालची गावं शेजारच्या गावात विलीन करायची. त्यात कार्यालय जाणार, दर बुधवारी येणारे डॉक्टर जाणार, सकाळी सात-दहाच्या बसचा थांबा जाणार, आणि बाबांची खुर्ची जिल्ह्याला जाणार. तेव्हाही ते कागद घडी घालून म्हणाले, "बघू. हरकत नाही."

आई म्हणाली, "तुम्हाला उचलून टोपलीत घातलं तरी म्हणाल, हरकत नाही, फक्त झाकण लावू नका."

आईची पिठाची गिरणी आहे. आमच्या घराच्या पुढच्या खोलीत पट्टा फिरत असतो आणि मागच्या खोलीत आम्ही राहतो, त्यामुळे आमच्या घरी सगळे जरा मोठ्यानेच बोलतात. मी तेवढी मुंगी कशी निघाले, हे कोडंच आहे.

लवंगी, चष्मेवाली आणि मी, आम्ही तिघींनी दोन दुपारी भिंतीसमोर उभं राहून अख्खी यादी उतरवून घेतली. एकशे बारा घरं, अकरा पानं. पहिली पानं चष्मेवालीने लिहिली, मधली लवंगीने आणि शेवटची मी. बुधवारी संध्याकाळी गिरणी बंद झाल्यावर मी ती पानं घरच्या टेबलावर पसरली.

"हे काय?" बाबांनी विचारलं.

"तुमच्या चुका शोधतेय."

"हरकत नाही," बाबा हसून म्हणाले आणि चहा ओतून घेतला. त्यांना खात्री होती, त्यांच्या यादीत चूक सापडणार नाही म्हणून.

मी घर नंबर आणि माणसं वाचत गेले, आणि आई डबे आठवत गेली. कारण आई माणसांना चेहऱ्यांनी कमी ओळखते, डब्यांनी जास्त.

"सत्तावीस. माणसं चार."

"निळा डबा, पंधरा दिवसांनी एकदा. बरोबर."

"चौतीस. माणसं नऊ."

"तो पोत्यानेच येतो. बरोबर."

"बावन्न. माणसं एक."

"एक कसा? त्याच्या बहिणीचा... नाही नाही, ती गेली की गं दिवाणखाना घेऊन तिकडे. बरोबर."

आई 'दिवाणखाना' म्हणते ते सोफ्याला. असो. गाडी एकसष्टवर आली.

"एकसष्ट. घर बंद. माणसं शून्य."

"एकसष्ट म्हणजे टाकीच्या बाजूचं, हिरव्या दाराचं?"

"हो."

"ते सुईबाईंचं घर! बंद कसलं? दर सोमवारी दोन किलोचा डबा येतो, वर 'जाड दळ' म्हणून चिठ्ठी. कुलूप काय पीठ खातं?"

सुईबाई म्हणजे आमच्या गावच्या जुन्या नर्स. अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या. निवृत्त होऊन वीस वर्षं झाली, तरी बुधवारी डॉक्टर यायच्या आधी दवाखान्याची खोली त्याच उघडतात, त्याच झाडतात, आणि डॉक्टरांना त्याच ओरडतात. गावातला एकही दंड त्यांच्या सुईतून सुटलेला नाही.

बाबांनी कप खाली ठेवला. कपाटातून आपली मूळ वही काढली, जी घेऊन ते घरोघर फिरले होते. पान उघडलं. बघत राहिले. मी मागून डोकावले.

एकोणसाठ समोर लिहिलं होतं, 'कु.' आणि एकसष्ट समोरही, 'कु.'

"एकोणसाठला कुलूप आहे," बाबा हळू म्हणाले. "तीन वर्षं बंद आहे ते घर. कुलूप म्हणून 'कु.' मी लिहिलं. आणि एकसष्टला..." ते थांबले. "सुईबाईंना मी विचारलं, नावाआधी काय लिहू? त्या म्हणाल्या, कु. लिही, आयुष्यभर तेच लिहीत आले. मी 'कु.' लिहिलं आणि तेवढ्यात कुणीतरी धावत आलं, पोराला विंचू चावला म्हणून. त्या पिशवी घेऊन पळाल्या. मी म्हटलं, पुढचं नंतर भरू."

"आणि नंतर?"

"नंतर तालुक्याच्या माणसाने वही बघून बेरीज केली. त्याने दोन्ही 'कु.' कुलपात घातले. आणि भिंतीवरची यादी मी त्याच्या बेरजेवरून उतरवली."

म्हणजे कुमारीचं कुलूप झालं होतं! मी पोट धरून हसले. आईसुद्धा हसली. मग आमच्या लक्षात आलं की बाबा हसत नाहीयेत. ते त्या दोन अक्षरांवरून बोट फिरवत होते, जसं काही पुसलं जाईल.

"मी पुन्हा तपासायला हवं होतं," ते म्हणाले. "ज्या बाईच्या हातून अर्धं गाव जन्माला आलं, तिलाच मी..."

"अहो, होतं असं. काही हरकत नाही," आई म्हणाली.

"आहे," बाबा म्हणाले. "आहे हरकत."

हे शब्द या क्रमाने त्यांच्या तोंडून मी आयुष्यात पहिल्यांदा ऐकले. ते म्हणाले, हरकतीचा अर्ज ते स्वतः करतील, स्वतःच्या यादीवर, स्वतःची चूक आहे असं लिहून. मला त्यांना मिठी मारावीशी वाटली, पण टेबल मध्ये होतं म्हणून मी त्यांच्या चहात साखर घातली.

चारशे नव्याण्णव.

एकशे बाराव्या घरापर्यंत सगळे डबे जुळले. अजून एक कमी. मग मला आठवलं की मी एक घर वाचलंच नव्हतं. आमचं. सतरा नंबर. आपल्या घरात कोण आहे हे कोण तपासतं? ते पान चष्मेवालीने उतरवलं होतं. मी ते वर काढलं.

"सतरा. माणसं... दोन! बाबा, हे बघा! मलाच विसरलात! सापडलं! पाचशे!"

मी खुर्चीवर चढले होते. खाली कुणीच नाचत नव्हतं. आई बाबांकडे बघत होती आणि बाबा पानाकडे.

मग मी शेजारचा रकाना वाचला. शेरा. चष्मेवालीच्या गोल गोल अक्षरात लिहिलं होतं, 'मुलगी शिक्षणासाठी जूनपासून बाहेरगावी.'

मी खुर्चीवरून उतरले.

"नियम तसा आहे," बाबा म्हणाले. "जूनपासून पुढचे सहा महिने जो जिथे राहणार, त्याला तिथे मोजायचं."

"मी कुठे राहणार आहे?"

"मावशीकडे," आई म्हणाली. "शहरात. अकरावीला. मी मावशीशी बोलले आहे. परीक्षा झाल्यावर तुला सांगणार होतो, उगाच आत्ता लक्ष विचलित नको म्हणून."

म्हणजे हे भिंतीला माहीत होतं, जिल्ह्याला माहीत होतं, चष्मेवालीने स्वतःच्या हाताने लिहिलं होतं बावळटासारखं, कुणाचं घर आहे ते न बघता. फक्त मला माहीत नव्हतं.

"पण पुलापलीकडे कॉलेज आहे की! सात-दहाच्या बसने जाता येतं!"

"गाव गेलं की सात-दहाची बस राहते कुठे?" आई म्हणाली. "पाच किलोमीटर रोज चालणार आहेस? म्हणून तर मावशी."

"आणि मला मोजलं नाही म्हणून गाव जाणार!"

आई टेबलावरची पानं गोळा करायला लागली. मी सतराचं पान धरून ठेवलं.

"म्हणजे मी जाणार म्हणून गाव जाणार, की गाव जाणार म्हणून मी जाणार?"

"तेव्हा बेरीज कुठे झाली होती?" बाबा म्हणाले. "एकाने अडेल हे मला ठाऊक नव्हतं. पण ठाऊक असतं तरी मी तेच लिहिलं असतं. जे ठरलंय ते लिहायचं. कारकुनाने स्वतःची पोरगी घालून आकडा फुगवला, असं कुणी म्हणायला नको."

मला राग आला आणि त्याच क्षणी बाबा फार आवडले, आणि हे दोन्ही एकदम झालं. भोंगा बंद पडला. मी मुंगीसारखं "बरं" म्हणाले आणि अंथरुणावर जाऊन भिंतीकडे तोंड केलं.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी सुईबाईंकडे गेले. बाबांनी त्यांच्या सहीसाठी अर्ज दिला होता. हिरवं दार सताड उघडं होतं. आत त्या खुर्चीत बसून कापसाचे बोळे करत होत्या.

"काय गं, आज आवाज न करता आलीस? ताप आहे?" त्यांनी माझं मनगट धरलं. "नाही. मग काय झालं?"

मी अर्ज दिला. त्यांनी तो लांब धरून वाचला.

"मी इथे राहते, असं मी लिहून द्यायचं?"

"हो."

"अठ्ठ्याहत्तर वर्षांनी?"

"बाबांची चूक झाली. ते फार शरमलेत."

"शरमू दे थोडा. मी कु. म्हटलं, त्याने मला कुलूप केलं!" त्या एवढ्या हसल्या की बोळे खाली सांडले. "त्याला मीच जन्माला आणलं. तो जन्मला तेव्हा पायाळू होता, माहीत आहे? दोन तास आईला छळलं. तेव्हाही म्हणत असेल आत बसून, हरकत नाही, सावकाश." सही करता करता त्या म्हणाल्या, "आणि त्याला सांग, अर्ज स्वतःच्या नावाने करतोय तर ताठ मानेने कर म्हणावं. चूक सगळे करतात. लिहून कोण देतं?"

मग मी त्यांना दुसऱ्या 'एक'चं सांगितलं. सगळं. मावशी, शेरा, सात-दहा, चष्मेवालीचं गोल अक्षर. सांगता सांगता रडू आलं, आणि सुईबाईंनी मला एक कापसाचा बोळा दिला. नाक पुसायला तो अगदीच लहान होता.

"म्हणजे मी राहिले की पाचशे होतात," मी म्हणाले. "मग मला राहायलाच हवं ना? डॉक्टर, बस, बाबांची खोली, सगळं माझ्यावर आलं."

"मूर्ख आहेस," सुईबाई म्हणाल्या. "आकडा भरायला राहिलीस तर चार महिन्यांत आईबापावर खेकसायला लागशील. मोजणाऱ्यांसाठी कुणी राहू नये. आधी राहायचं की नाही ते ठरव. राहिलीस तर मोजतील ते, त्यांचं कामच आहे."

"तुम्ही का राहिलात?"

"माझी बदली झाली होती दोनदा. पहिल्यांदा नदीला पूर होता. दुसऱ्यांदा मला जायचंच नव्हतं." त्यांनी बोळा गोल केला. "पहिल्यांदाची गोष्ट मी सगळ्यांना सांगते. दुसऱ्यांदाची आत्ता तुला. तुला काय हवंय?"

हे मला कुणी विचारलंच नव्हतं. मी मलाही विचारलं नव्हतं. मी टाकीच्या कट्ट्यावर जाऊन बसले आणि विचार केला. मावशी छान आहे. शहरही छान असेल. पण मला आत्ताच आवाज फुटलाय, आणि मला तो आधी ओळखीच्या लोकांवर वापरून बघायचाय. मला लवंगीबरोबर सात-दहाच्या बसमध्ये मागच्या सीटवर बसायचंय. ती आणि चष्मेवाली पुलापलीकडेच जाणार आहेत, आणि तिथे विज्ञानही आहे, मी विचारून घेतलंय. मला अजून दोन वर्षं गिरणीच्या आवाजात अभ्यास करायचाय, कारण शांततेत मला झोप येते. आणि मग मला जायचंय. लांब. खूप लांब. मोजणीचा तो शेऱ्याचा रकाना भरून वाहील इतक्या लांब. पण ते मी ठरवून.

शुक्रवारी पावणेपाचला मी गाव कार्यालयात पोचले. बाबा टेबलाशी होते, समोर हरकतींची नवी वही. पहिल्या ओळीत त्यांच्या सुंदर अक्षरात नोंद होती: हरकत क्रमांक एक, घर एकसष्ट, हरकतदार स्वतः यादी लेखक, कारण 'माझी चूक'. खाली शिक्का. मान खरंच ताठ होती. आई शेजारच्या बाकावर, केसांत पीठ तसंच, गिरणी अर्धी टाकून आली होती, कारण मी तिला शाळेतून चिठ्ठी पाठवली होती, 'पावणेपाचला कार्यालयात ये, सरकारी काम आहे.'

"काय सरकारी काम?" आई म्हणाली. "माझा पट्टा चालू आहे तिकडे."

दारात लवंगी आणि चष्मेवाली एकमेकींना ढकलत उभ्या होत्या. चष्मेवालीने दोन दिवसांत माझी तीस वेळा माफी मागितली होती.

मी दप्तरातून अर्ज काढला. तो मी तीनदा लिहिला होता, बाबांच्या अक्षरासारखं अक्षर काढायचा प्रयत्न करत. नाव लिहिण्याच्या जागी आधी 'कु.' लिहिलं होतं आणि त्यापुढे माझं नाव पूर्ण, अगदी रकान्याच्या बाहेर जाईल इतकं पूर्ण, म्हणजे कुणी त्याचं कुलूप करायला नको.

"हरकत क्रमांक दोन," मी म्हणाले. "घर सतरा."

बाबांनी अर्ज घेतला नाही. "बाळा, गावासाठी तू..."

"गावासाठी नाही, बाबा. गाव राहिलं तर आनंदच आहे, पण तुम्ही दोघांनी मला न विचारता जे ठरवलंत ना, त्यावर माझी हरकत आहे. आई, मावशीवर राग नाही, तिला मी स्वतः फोन करेन. दोन वर्षं मी इथेच राहणार आहे. सात-दहाच्या बसने पुलापलीकडे जाणार आहे. बारावी झाली की मी जाईन, मला जायचंच आहे, आणि तेव्हा शेरा मी स्वतः लिहीन. पण आत्ता या घरात माणसं तीन आहेत. मी ठरवलंय. खाली पालकांची सही लागते, दोघांची, मी जागा सोडली आहे. पाचला दहा मिनिटं कमी आहेत, बाबा, आणि मला पावती हवी."